मामांचा पाव फेरा

…छे हो, पाना लपवून काय होणार? कारखान्याचा असता तर केव्हाच लपवला असता. पण तो त्यांचा स्वतःचा, घरून आणतात, डब्याच्या पिशवीत, खाली पाना, वर भाकरी, भाकरीवर सुक्या जवळ्याची चटणी. आणि ती पिशवी भरते कोण, तर माझी बायको, आणि वर मलाच सांगते, "बाबांना उशीर नको हां, गाडी काढा." म्हणजे तुम्हाला सांगतो, ज्या पान्यापायी माझ्या जिवाला घोर लागलाय तो पाना रोज सकाळी माझ्याच मोटरसायकलवरून कारखान्यात जातो, माझ्या पाठीला टोचत टोचत, आणि मागे बसून सासरेबुवा म्हणतात, "जावयबापू, वायच सांभाळून, खड्डा आहे."

नाही, तुम्हाला नीट सांगतो, नाहीतर तुम्ही म्हणाल हा रघू कुठून सुरू झाला. जेटीच्या वरच्या अंगाला सुलेमानशेठचा बर्फाचा कारखाना, तिथलं इलेक्ट्रिकचं सगळं मी बघतो. आणि धाकूमामा, म्हणजे माझे सासरे, त्याच कारखान्यात ऑपरेटर, सुलेमानशेठच्या वडलांच्या वेळेपासूनचे. मला नोकरीला लावलं त्यांनी. मग दोन पावसाळे माझ्याकडे नीट बघून घेतलं आणि मुलगी दिली. तर घरी मी त्यांचा जावई आणि कारखान्यात, कागदावर, त्यांचा साहेब. अशी वेळ वैऱ्यावर येऊ नये.

आता दुखणं कुठे आहे ते बघा. आमच्या कारखान्यात एक लोखंडी कपाट आहे, त्याला पॅनल म्हणायचं. त्यात वरून वीज येते आणि कॉम्प्रेसरकडे जाते. पण ती वायरीतून नाही जात, एवढा करंट वायरीला झेपत नाही, ती जाते जाड पट्ट्यांवरून. त्या पट्ट्या म्हणजे बसबार. आणि एक पट्टी संपली, दुसरी सुरू झाली, की मध्ये सांधा आला, सांध्यावर बोल्ट आला, आणि बोल्ट आला की आमचे मामा आले.

पूर्वी ह्या पट्ट्या होत्या तांब्याच्या. मामांचा नेम ठरलेला. सकाळी यायचं, चपला बाहेर काढायच्या, मेन स्विच पाडायचा, दोनदोनदा तपासायचा, त्यात कधी कसूर नाही हो, मग पॅनलला हात जोडायचे आणि एकेका बोल्टाला पाना लावून वायच पाव फेरा आवळायचा. तांब्याचं काय, ते खमकं, बोल्ट हलायचाच नाही, मामा आपले पाना लावायचे, पाना म्हणायचा घट्ट आहे, मामा म्हणायचे शाबास, आणि कारखाना चालू. जन्मभर हेच केलं. मग खाऱ्या हवेने ते कपाट सडलं, नवीन आणलं, आणि नव्यात पट्ट्या आल्या ॲल्युमिनियमच्या.

आता ॲल्युमिनियम वाईट नाही, उगाच त्याला नावं ठेवू नका. हलकं, स्वस्त, सगळीकडे तेच वापरतात, नीट जोडलं तर माझ्या नातवंडांपर्यंत चालेल. पण ते मऊ. आणि तापलं की फुगतं, निवलं की बसतं. तुम्ही बोल्ट मापापेक्षा जास्त आवळलात की ते बोल्टाखालून बाजूला सरकतं, दबतं, म्हणजे दुसऱ्या दिवशी बोल्ट पुन्हा सैल. सैल म्हणजे सांधा गरम. गरम म्हणजे आणखी दबणार. मग तुम्ही म्हणणार, अरे सैल झाला, आवळा. उकडीच्या मोदकाच्या पारीला बोट जोरात लावलंत तर काय होतं? तसं. आणि मामांना काय वाटलं माहीत आहे? त्यांना वाटलं, वा, ह्या नव्या बोल्टाला माझी गरज आहे. रोज पाव फेरा घेतोय तो! तांब्याने जन्मभर कधी घेतला नव्हता. माणूस खूश. पाव फेरा घेतला, दुसऱ्या दिवशी पुन्हा पाव फेरा, तिसऱ्या दिवशी पुन्हा. म्हणजे मामा जेवढी काळजी घ्यायचे तेवढा तो सांधा मरत होता. हे मला दिसत होतं. पण सांगणार कोण?

बरं, त्यात खंडेनवमी आली. आमच्याकडे त्या दिवशी यंत्रांची पूजा, सुलेमानशेठचे वडील स्वतः नारळ आणायचे, शेठही आणतात. आता सांध्यावर कंपनीने एक पांढरं ग्रीस लावून दिलेलं असतं. ॲल्युमिनियमला हवा लागली की त्याच्यावर एक पापुद्रा धरतो, डोळ्यांना दिसतसुद्धा नाही, पण वीज त्यातून जायला कुरकुरते, म्हणून ते ग्रीस, हवा लागू नये म्हणून. मामांनी ते बघितलं. "हे काय, चुना थापलाय शस्त्राला?" म्हणाले, आणि बोल्ट खोलून जुन्या बनियनने सगळं लख्ख पुसून काढलं, भाकरीच्या तव्यासारखं घासलं, हळदकुंकू वाहिलं, झेंडूची माळ घातली आणि बोल्ट पुन्हा आवळला. मी बाजारात गेलो होतो पेढे आणायला. आलो तर सांधा असा चमकतोय की मला घामच फुटला, आणि मामा मला म्हणतात, "बघा जावयबापू, ह्याला म्हणतात निगा." मी पॅनलपुढे पेढा ठेवला.

तुम्ही म्हणाल, सांगायचं की सरळ. सांगितलं नाही असं नाही. आधी पाटी लावली, "बोल्टला हात लावू नये." मामांनी ती वाचली, म्हणाले वाकडी लागलीय, स्वतः स्टुलावर चढून सरळ केली, आणि त्या दिवसापासून कोणी पॅनलजवळ नुसता फिरकला तरी त्याला ओरडतात, "पाटी वाचता येत नाय काय रे तुला?" आणि स्वतः आत जाऊन आवळतात. पाटी त्यांच्यासाठी आहे हे त्यांच्या स्वप्नातसुद्धा येत नाही. मग एकदा गाडीवर मागे वळून म्हटलं, "मामा, हे ॲल्युमिनियम फार आवळू नये म्हणतात." तर म्हणाले, "कोण म्हणतात?" म्हटलं, पुस्तकात आहे. म्हणाले, "सैल ठेवून जगात कोणाचं भलं झालंय? पुढे बघा, म्हैस आहे."

मग बायकोला सांगून पाहिलं. दर्शनाला म्हटलं, तू मुलगी आहेस, तू सांग. तिने भाताचं पातेलं खाली ठेवलं आणि म्हणाली, "माझे बाबा जन्मभर आवळतायत, कधी काही गरम झालं नाही. तुम्ही तिकडे लक्ष घालायला लागलात आणि गरम व्हायला लागलं."  आणि थोड्या वेळाने स्वतःच जवळ येऊन हळू आवाजात म्हणाली, "आई गेल्यापासून त्यांचं दुसरं आहे काय हो? तो कारखाना आणि तो पाना. ते काढून घेऊ नका." तिचंही खोटं नाही. मामा दोन घरं सोडून एकटे राहतात. सकाळी आमचं दार उघडायच्या आधी पायरीवर येऊन बसलेले असतात, पिशवी मांडीवर, कारखान्याची वाट बघत. त्या माणसाला मी सांगू, की तुमच्याच हाताने तो सांधा मरतोय? तुम्ही सांगाल काय?

पण सांधा काही सासरा बघत नाही. मासेमारीचा सगळा जोर चालू, होड्या जेटीला लागलेल्या, खलाशी बर्फासाठी दारात, आणि आमचा कॉम्प्रेसर बंद पडायला लागला. मधल्या पट्टीवर वेष्टण म्हणून चढवलेली पिवळी प्लास्टिकची नळी करपून तपकिरी झाली. पॅनलचं दार उघडलं की करपल्याचा वास. मी ते पिस्तुलासारखं यंत्र आणलं, लांबून लाल ठिपका मारला की किती गरम ते दाखवतं, ठिपका मारला आणि आकडा बघून यंत्र खिशात टाकलं, कोणाला दाखवलं नाही. शेठ खाली येरझाऱ्या घालतायत, "रघू, अरे बाबा, लोक बर्फ नाय म्हणून मासळी पाण्यात टाकतील, काय करतोस काय?" आणि मामा माझ्या कानात म्हणतात, "सैल झालाय तो. आता पाव नाय, अर्धा फेरा घेऊ."

शेवटी शेठनी पॅनलच्या कंपनीचा माणूस बोलावला. गुरुप्रसाद त्याचं नाव, कोल्हापूरकडचा, आंबा घाट उतरून पालीला चहा घेऊन दुपारी पोचला. आला तो थेट पॅनलकडे. मेन पाडला, दार उघडलं, बॅटरी मारली, आणि डॉक्टर जीभ बघतो तसा एकेक सांधा बघत गेला. मग म्हणाला, "काय वो हे? बोल्ट हाय का उसाचा चरक? कुणी आवळलंय एवढं? ती पट्टी बघा, पाक चेपलीय. आणि ग्रीस कुठं गेलं ह्याचं?" शेठ म्हणाले, म्हणजे काय झालं? तर हा म्हणतो, "काय झालं म्हंजे? ॲल्युमिनियम ठार मारलंय. म्या नवा सांधा करून देतो, पण ज्यानं हे केलंय न्हवं, त्याला पयला घरला पाठवा. न्हाईतर म्हैन्याभरात पुन्ना माझी फेरी."

सुलेमानशेठ शांत माणूस, पण त्या दिवशी दहा होड्यांचे तांडेल त्यांच्या डोक्यावर बसलेले. ते वळले. म्हणाले, "कोणाचं काम हे? नाव सांगा मला. आज त्याचा शेवटचा दिवस."

आम्ही सगळे उभे. मी बघितलं मामांकडे. पिशवी खांद्याला. पाना हातात. आणि त्यांच्या तोंडावर काय होतं सांगू? भीती नव्हती हो. ते शोधत होते. सगळ्यांच्या तोंडाकडे आळीपाळीने बघत होते, की कोण हा नालायक, कोणी केलं हे आपल्या पॅनलला. त्यांच्या मनात स्वतःचं नाव आलंच नव्हतं. अजून थोडा वेळ गेला असता तर आलं असतं. कारण तिथे पाना एकच होता आणि तो त्यांच्या हातात होता. आता सांगणार कोण?

मी म्हटलं, "मी."

शेठ म्हणाले, "तू? अरे तू शिकलेला ना रे? लायसन आहे ना तुझ्याकडे?" म्हटलं, हो. "मग आवळलंस कशाला?" म्हटलं, चुकलं. "आणि ग्रीस?" म्हटलं, तेही मीच पुसलं, चुना वाटला. तो गुरुप्रसाद माझ्याकडे बघतोय, जणू काही माझं लायसन लॉटरीत लागलंय. आणि आता पुढचं ऐका. मामा पुढे आले. शेठसमोर हात जोडले, आणि म्हणाले, "शेठ, पोर चुकलाय. माझ्या तोंडाकडे बघून ह्या वेळेस पोटात घाला. माझ्या मुलीचा नवरा आहे तो." डोळ्यांत पाणी हो त्यांच्या. शेठनी मला ठेवलं. मामांच्या शब्दावर ठेवलं, वर म्हणाले, पॅनल आता धाकूच बघेल. मग बाहेर येऊन मामांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "जावयबापू, पुन्हा हात लावू नका. तुमच्या हाताला सवय नाय. ते आवळायचं माझ्याकडे सोडा."

म्हणजे झालं काय, की नोकरी माझी वाचली, अब्रू त्यांची वाचली, आणि बोल्ट गेला पुन्हा त्यांच्याच हातात, आणि आता तर शेठच्या परवानगीने!

गुरुप्रसादाने सांधा मात्र देखणा केला. पट्टीचे चेपलेले तुकडे बदलले, नवीन पट्टी तारेच्या ब्रशने घासली, घासल्या घासल्या ग्रीस लावलं, दम नाही खाल्ला, मोठे वायसर, लोखंडी चकत्या हो, घातले, त्यावर बशीसारखा वाकलेला एक वायसर, तो स्प्रिंगसारखा दाब धरून ठेवतो, पट्टी फुगली बसली तरी सोडत नाही, आणि मग मापाचा पाना लावला. माप आलं की तो पाना टक् करतो. टक् झालं की थांबायचं. नंतर बोल्टावरून पट्टीवर रंगाची एक रेघ ओढली आणि म्हणाला, "ही रेघ मोडली तर बोल्ट फिरला समजायचं. तवर फकस्त बघायचं. शिवायचं न्हाई." मी त्याला चहाला बाहेर नेलं आणि टपरीवर सगळं खरं सांगितलं. ऐकून घेतलं, दोन घोट प्याला आणि म्हणाला, "माझा बाप असाच हाय. ट्रॅक्टरला." मग आम्ही दोघांनी मिळून ते केलं.

काय केलं? खऱ्या सांध्यावर पारदर्शक झाकण घातलं, चारही कोपऱ्यांना स्क्रू. आणि पॅनलच्या आतच, बाजूच्या लोखंडी चौकटीवर, लोखंडाच्याच पट्टीचा एक तुकडा लावला, त्यावर पिवळी नळी चढवली, आणि मध्ये एक दणकट बोल्ट. कशाला जोडलेला नाही. त्यातून वीज जात नाही, येत नाही, तो आपला उभा आहे. दुसऱ्या दिवशी मामा आले, मेन पाडला, हात जोडले, आणि विचारलं, "हे काय नवीन?" म्हटलं, मामा, हा मुख्य बोल्ट. आता नवीन पद्धत आहे, हा एक आवळला की सगळे आवळल्यासारखे. माझी जीभ झडो. मामांनी पाना लावला, जोर केला आणि बोल्ट काही हलेना, कारण लोखंडावर लोखंड, त्यात दबणार काय? "घट्ट आहे," म्हणाले. मी म्हटलं, देवाची कृपा.

वाटलं, संपलं. कुठलं संपतंय? पाच-सहा दिवस गेले आणि मामा गप्प गप्प. डबा अर्धा परत यायला लागला. दर्शना म्हणते, बाबांना काय बोललात? मी म्हणतो, मी कशाला बोलतोय. शेवटी गाडीवरच बोलले, मागून, हळू आवाजात. "जावयबापू, तो बोल्ट काय घेत नाय हो. पाना लावतो, तसाच. माझी काय गरज राहिली नाय तिथे."

आता सांगा, ह्यावर माणसाने काय करावं? मी केलं. त्या संध्याकाळी मामांना घरी सोडून परत आलो, सगळे गेल्यावर मेन पाडला, पॅनल उघडलं, आणि तो बोल्ट पाव फेरा सैल करून ठेवला. सकाळी मामांनी पाना लावला, आणि बोल्टाने पाव फेरा घेतला. तोंड असं उजळलं म्हणता, गाडीवरून येताना मला शहाळं पाजलं. तेव्हापासून हा माझा नेम. संध्याकाळी मी पाव फेरा सैल करतो, सकाळी ते पाव फेरा आवळतात, मध्ये तो खरा सांधा झाकणाखाली थंडगार बसलाय, रेघ जशीच्या तशी, आणि कोणाला त्याची आठवणसुद्धा नाही. आजारी पडायची सोय राहिली नाही मला. गेल्या पंधरवड्यात ताप आला तरी संध्याकाळी घोंगडी पांघरून गेलो.

आणि त्याच दिवशी शेठनी पकडलं. मागे कधी येऊन उभे राहिले कळलंच नाही. मी पॅनलमध्ये, हातात पाना, बोल्ट सैल करतोय. आधीच एकदा कबूल केलेला गुन्हेगार मी! शेठ म्हणाले, "रघू, आता काय सैल करायला लागलास?" पळायला वाट नव्हती. मग सगळं सांगितलं, पहिल्यापासून, पेढ्यांपासून. शेठ ऐकत होते. मग खुर्ची ओढून बसले. म्हणाले, "माझ्या अब्बांनी मरताना दोन गोष्टी सांगितल्या. मशिदीचं कर्ज ठेवू नकोस, आणि धाकूला कधी घरी बस म्हणू नकोस. आणि मी त्या दिवशी म्हणणारच होतो रे."  मग उठले आणि म्हणाले, "तू ताप घेऊन येऊ नकोस. कुठल्या बाजूला फिरवायचा ते दाखव. तू नसशील तेव्हा मी करतो." मी दाखवलं. एवढा मोठा शेठ, आणि उलटा फिरवला होता पहिल्यांदा, घट्टच केला.

इथपर्यंत ठीक होतं हो. मला वाटलं, चला, दोघं झालो, भार हलका झाला. पण शेठच्या आनंदाला तोंड आहे. त्यांची जेटीवर बढाई सुरू झाली, आमच्या धाकूचा हात बघा, रोज सकाळी आवळतो, पॅनल बर्फासारखं थंड. आता खरं काय ते माहीत असून! मी म्हटलं, शेठ, कशाला? तर म्हणतात, "अरे, त्याला बरं वाटतं." बरं वाटतंय ते दिसतंच आहे, मामा हल्ली शर्टाला इस्त्री करून येतात. पण ती बढाई गेली दापोलीकडे. तिकडे शेठच्या एका दोस्ताचा बर्फाचा कारखाना, तिथेही ॲल्युमिनियम, तिथेही सांधा गरम. आणि त्याने निरोप पाठवलाय, की तुमचा तो धाकू आमच्याकडे आठवडाभर पाठवा, आवळायला.

शेठ नाही म्हणू शकले नाहीत. मामा तर काल रात्रीपासून पाना तेल लावून पुसतायत. आणि मला शेठनी बाजूला घेऊन सांगितलं, "रघू, तू एक दिवस आधी जा." म्हणून हा आत्ता मी एसटी स्टँडवर उभा आहे दापोलीची गाडी धरायला, आणि ह्या पिशवीत काय आहे विचारू नका. ब्रश आहे, ग्रीस आहे, बशीचे वायसर आहेत, मापाचा पाना आहे, पट्टीचा तुकडा आहे, पिवळी नळी आहे आणि एक दणकट बोल्ट आहे. आज जाऊन खरा सांधा करायचा, खोटा बोल्ट लावायचा, उद्या मामांना स्टँडवर उतरवून घ्यायचं, आणि मग आठवडाभर संध्याकाळी परक्या कारखान्यात चोरासारखं शिरून पाव फेरा सैल करायचा.

निघताना दर्शनाने दारात थांबवलं. मला वाटलं, म्हणेल जपून जा, वेळेवर जेवा. तिने पिशवी हातात दिली आणि म्हणाली, "हे बघा, तिकडे लोकांचा कारखाना आहे. तुम्ही कशाला हात लावू नका. बाबा येतायत."

म्हटलं, नाही लावत.